उजव्या पायाचा बूट

"म्हणजे बाई ही पुरुषाची मालमत्ता, असंच आपला ग्रंथ धरून चालतो. हे तुम्हाला मान्य आहे?"

"मान्य आहे," रहमीमकाका म्हणाले. "ती तेलाची बाटली सरकव जरा इकडे."

आशेरने बाटली सरकवली. तो भांडायच्या तयारीने आला होता. विमानात बसल्यापासून त्याने मुद्दे मनात रचून ठेवले होते, आणि म्हातारा पहिल्याच मुद्द्याला हो म्हणून मोकळा झाला होता. अशाने माणसाची चिडचिड होणारच.

आशेर झिराडकर परदेशात एका विद्यापीठात शिकवत असे. प्राचीन यहुदी ग्रंथांतलं कुटुंब, त्यातल्या बाया, त्यांच्या देहावर कुणाकुणाची सत्ता चाले, हा त्याचा अभ्यासाचा विषय. त्यावर त्याने जाडजूड प्रबंध लिहिला होता. जाड इतका, आणि आईला त्याचं कौतुक इतकं, की तिने तो देव्हाऱ्यातच ठेवला असता. आमच्या इस्राएल आळीत देव्हारे नसतात म्हणून तो कपाटावर गेला.

रहमीमकाकांनी त्याला लहानपणी हिब्रू शिकवली होती. आळीतल्या सगळ्यांनाच त्यांनी शिकवली. गावातल्या सिनेगॉगमध्ये प्रार्थना तेच म्हणवून घेत. त्यांची पडवी सिनेगॉगच्या भिंतीला लागून होती, आणि त्या पडवीत ते आत्ता मांडीवर चामड्याचं काहीतरी घेऊन त्याला तेल चोळत बसले होते.

"दहा आज्ञांमध्ये बघा," आशेरने पुन्हा सुरुवात केली. "शेजाऱ्याच्या कशाकशाची हाव धरू नये? घराची, बायकोची, गुलामाची, बैलाची, गाढवाची. एका दमात."

"एका दमात," काकांनी मान डोलावली.

"वंशावळी घ्या. बाप, त्याचा बाप, त्याचा बाप. आया कुठे गेल्या?"

"गाळल्या. सरळ गाळल्या."

"दीनाची गोष्ट घ्या. तिच्यावर जबरदस्ती झाली. तिचा बाप आहे, भाऊ आहेत, तो करणारा आहे, त्याचा बाप आहे. सगळ्यांच्या बैठका होतात. ती सबंध गोष्टीत एक शब्द बोलत नाही."

"इफ्ताहची मुलगी राहिली तुझी."

"काय?"

"बापाने नवस केला आणि पोरीचा बळी दिला. तिला तर नावसुद्धा नाही. तीही घे."

"ती चौथ्या प्रकरणात आहे, काका!"

"मग बरं झालं."

आशेरने कपाळावर हात मारला. या माणसाशी वाद घालणं म्हणजे ओल्या वाळूत खांब रोवणं होतं. आत जायचा, पण उभा राहायचा नाही.

"तुम्ही ऐकताय की नाही?"

"ऐकतोय रे. बरोबर बोलतोयस. पुढे बोल."

पुढचंच तर अवघड होतं.

आपल्या ग्रंथात एक जुना कायदा आहे. मूलबाळ न होता माणूस मेला, तर त्याच्या भावाने त्याच्या विधवेशी लग्न करावं, म्हणजे मेलेल्याचं नाव पुढे चालेल. भावाला ते नको असेल, तर विधवेने चार वडीलधाऱ्यांसमोर त्याच्या उजव्या पायातला जोडा काढावा, त्याच्या समोर थुंकावं, आणि मोकळं व्हावं. आता भावजयीशी लग्न कोणी करत नाही. जोडा काढण्याचा विधी तेवढा उरलाय. तो झाल्याशिवाय मात्र बाई धर्माच्या दृष्टीने त्या दिराला बांधलेलीच राहते.

आशेरच्या प्रबंधातलं सगळ्यात गाजलेलं प्रकरण या विधीवर होतं. बाईचं गर्भाशय म्हणजे पुरुषांचं नाव साठवायची कोठी, असं त्याने त्यात दाखवून दिलं होतं. परिषदांमध्ये लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या होत्या.

आणि मग हा विधी चालत त्याच्याच दाराशी आला.

त्याचा थोरला भाऊ योना मोटारसायकलवरून वडखळहून येताना गेला. मूल नव्हतं. आपल्यात माती लांबवत नाहीत, त्याच दिवशी उरकतात. आशेर समुद्रापलीकडे होता, त्याला पोहोचता आलं नाही. योनाची बायको मिल्का, तालुक्याच्या शाळेत गणित शिकवायची, ती सासूजवळ राहिली. आता इस्राएलमधल्या अश्दोदच्या रूबेन पेणकरने तिला मागणी घातली होती. मूळचा आपल्याच इकडचा, विधुर, भला माणूस. पण तिथले रब्बी, म्हणजे धर्मगुरू, म्हणाले, आधी दिराकडून सुटका होऊ द्या, मग लग्नाचं बोलू.

दीर एकच होता. आणि तो फोनवर म्हणाला, असल्या रानटी प्रकाराला मी उभा राहणार नाही.

गेल्या पावसाळ्यापासून तो हेच म्हणत होता. शेवटी आई फोनवर रडली, तेव्हा रजा काढून आला. विधी करायला नव्हे हं. आपली भूमिका समजावून सांगायला.

"मी मिल्कावहिनींच्याच बाजूने आहे," आशेर म्हणाला. "हे कोणी लक्षातच घेत नाही. मी उभा राहिलो म्हणजे, त्या माझ्या ताब्यात होत्या हे मी कबूल केलं. नव्हत्याच त्या माझ्या ताब्यात! मग मी सोडणार काय?"

"हं…"

"तुम्ही त्या रब्बींना सांगा. म्हणावं, आमच्या आजी-पणज्यांच्या काळात इथे ही चाल कोणी बघितलीसुद्धा नव्हती. तुमच्या शब्दाला मान आहे."

"सांगितलं."

"मग?"

"फार आदराने ऐकून घेतलं त्यांनी," काका म्हणाले. "आणि विधीची तारीख विचारली."

आशेर उठून उभा राहिला, पडवीतल्या पडवीत दोन येरझाऱ्या घालून परत बसला. काकांचा हात थांबला नव्हता. बोटभर तेल, चोळायचं, वाकवून बघायचं, पुन्हा बोटभर तेल.

"काय आहे ते एवढं? मघापासून बघतोय."

काकांनी मांडीवरचं उचलून धरलं. काळपट चामड्याचा बूट होता, एकाच पायाचा. खिळा नाही, बक्कल नाही, शिवणसुद्धा चामड्याचीच. वरून लांब लांब वाद्या लोंबत होत्या.

"मुंबईच्या सिनेगॉगमधून मागून आणलाय. वर्षानुवर्षं पेटीत पडून होता. वाळून पापड झाला होता नुसता."

आशेर बुटाकडे बघत राहिला. याची चित्रं त्याने पाहिली होती. व्याख्यानात पडद्यावर दाखवली होती. पण तो असा तेलकट, वासाचा, कुणाच्या मांडीवरचा असेल, हे त्याच्या कधी मनात आलं नव्हतं.

"यावर मी आख्खं प्रकरण लिहिलंय," तो म्हणाला.

"मग पाय पुढे कर. माप बघू."

"काका, मी आत्ताच सांगितलं…"

"माप रे. माप बघायला काय भूमिका लागते? पाय कर."

लहानपणी याच आवाजात 'पुन्हा वाच' म्हणायचे. आशेरने पाय पुढे केला.

काकांची नजर पायरीकडे गेली. तिथे आशेरने काढलेल्या चपला होत्या. तपकिरी, टाचेशी झिजलेल्या.

"त्या तुझ्या नाहीत."

"योनाच्या. घरी दाराशी होत्या, त्याच पायात सरकवल्या."

"बसतात?"

"थोड्या मोठ्या होतात."

काकांनी बूट त्याच्या पायात चढवला, वाद्या पोटरीभोवती गुंडाळल्या आणि गाठ आवळली. चांगली आवळली. आशेरच्या तोंडून हाय निघालं.

"काका, झालंय पाठ सगळं. फक्त ते मधलं वाक्य…"

बोलत बोलत मिल्का पडवीत आली आणि जागीच थांबली. खांद्याला शाळेची पिशवी, हातांना खडूची भुकटी. ती शाळा सुटली की रोज इकडे यायची, विधीची हिब्रू वाक्यं शिकायला. हे आशेरला ठाऊक नव्हतं. काल रात्री तो आला तेव्हा ती झोपली होती, सकाळी तो उठायच्या आत ती शाळेत गेली होती. जे काय बोलणं व्हायचं ते इतके दिवस आईच्या फोनवरून व्हायचं.

तिने दिराच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग पायाकडे.

"भाऊजी… तयार झालात?"

"नाही, वहिनी. हे नुसतं माप आहे."

तिच्या चेहऱ्यावर जे उजळलं होतं ते लगेच मावळलं. आशेरला ते दिसलं आणि तो घाईघाईने बोलू लागला. "वहिनी, तुम्हाला कोणी नीट सांगितलेलं नाही. हा विधी तुमचा अपमान आहे."

"माझा? थुंकणार तर मी आहे."

"ते वरवरचं झालं. मुळात…"

"मुळातलं मला काकांनी सगळं सांगितलंय. तुम्ही काय लिहिलंय तेही वाचलंय मी. पटलं मला." मिल्काने पिशवी खाली ठेवली. जरा आपटलीच. "पुस्तकाशी भांडा तुम्ही, भाऊजी. खुशाल भांडा. मीसुद्धा भांडते रोज, विचारा काकांना. पण तुमचं भांडण मिटेपर्यंत मी कुठे बसू?"

आशेरने बुटाची एक वादी उगाच सरळ केली.

"रूबेन चांगला आहे," ती हळू आवाजात म्हणाली. "पण तोही माणूस आहे. किती थांबेल?"

"आलीस ते बरं झालं," रहमीमकाका मध्येच म्हणाले, जणू यातलं काहीच त्यांच्या कानावर गेलं नव्हतं. "पाय आयता मिळालाय. तालीम करून घेऊ."

"काका!" आशेर ओरडला.

"तालीम म्हटलं मी. पंच नाहीत, साक्षीदार नाहीत. याने कोणी सुटत नाही की बांधलं जात नाही. ऊठ. भिंतीला टेक. पाय जमिनीला दाबून ठेव."

आशेर उठला. का उठला, हे त्याचं त्यालाच नीट सांगता आलं नसतं. त्या गाठीसकट तो कुठे जाणार होता?

"आता तू म्हणायचंस, मला हिला घ्यायचं नाही."

"बघा! 'घ्यायचं'! वस्तू आहेत का त्या?"

"हो, वस्तूच. म्हण."

"पण काका, तुम्हाला ऐकू येत नाही का हे किती…"

"येतं. तुझ्या जन्माच्या आधीपासून येतंय," काका म्हणाले. पहिल्यांदाच त्यांचा आवाज चढला होता. "माझी बहीण विधवा होऊन याच पडवीत म्हातारी झाली. तिचा दीर रागावून निघून गेला होता, तो परत आलाच नाही. तोही फार तत्त्वाचा माणूस होता. म्हण!"

मिल्काने पदराच्या टोकाने हातावरचा खडू पुसला.

"मला… हिला घ्यायचं नाही," आशेर म्हणाला.

मिल्काने आपलं वाक्य म्हटलं. माझा दीर आपल्या भावाचं नाव चालवायला तयार नाही, अशा अर्थाचं. मध्ये एका शब्दाला अडखळली, मागे गेली, पुन्हा म्हणाली, या वेळी अचूक.

मग ती वाकली.

नेमक्या याच क्षणावर आशेरने सगळ्यात कडक परिच्छेद लिहिला होता. पुरुषाच्या पायाशी वाकलेली बाई. आता तो वरून बघत होता. वहिनींच्या भांगात एक-दोन पांढरे केस आले होते. ते लग्नाच्या फोटोत नव्हते.

"उठा, वहिनी. राहू द्या."

"हलू नका."

सोडायचं ते उजव्या हाताने. डावा फक्त टाच उचलायला. गाठ काकांनी मन लावून बांधली होती. मिल्काच्या वरच्या ओठावर घाम आला. एक वेढा निघाला, दुसरा अडकला, ती दातांवर दात रोवून ओढत राहिली. आशेरला वाटलं, आपणच खाली वाकून सोडावं. पण ज्याच्या पायात आहे त्याने हात लावायचा नसतो. हेही त्याने लिहिलं होतं. तळटीपेत.

शेवटचा वेढा सुटला. तिने टाच उचलली, बूट ओढून काढला आणि भिरकावला.

नेम काही धरला नव्हता. बूट पडवीच्या कडेवर आपटला आणि पायरीवर जाऊन पडला, तपकिरी चपलांच्या शेजारी.

मिल्काची नजर बुटामागोमाग गेली आणि तिथेच राहिली.

"ह्या इथे कशा?"

"मी घालून आलो," आशेर म्हणाला. "दाराशी होत्या."

"दाराशीच असतात," मिल्का म्हणाली. "तुम्ही आईंना फोनवर सांगितलंत ना, मी येईपर्यंत योनाचं काही हलवू नका म्हणून. आईंनी काहीच हलवलं नाही. तुम्ही पावसाळ्यात येणार होतात. मग दिवाळीला येणार होतात." तिचा आवाज अगदी साधा होता, वर्गात गणित सांगावं तसा. "रोज सकाळी ह्या ओलांडून मी शाळेत जाते, भाऊजी. संध्याकाळी ह्या ओलांडून आत येते. चुकून पाय लागला तर आईंना वाईट वाटतं. मलाही वाटतं."

आशेरने तोंड उघडलं.

त्याला एवढंच म्हणायचं होतं, की मला मातीला यायला मिळालं नाही. की दाराशी चपला आहेत तोवर योना आत कुठेतरी आहे, असं तिकडे लांब बसून वाटत राहतं. की वहिनी त्या घरात आहेत तोवरही असंच वाटतं.

यातलं त्याला काहीच म्हणता आलं नाही. पण शेवटचं वाक्य मनात आलं तेव्हा त्याचं त्यालाच ते नीट ऐकू आलं. आपल्याच प्रबंधातला अडीच हजार वर्षांपूर्वीचा माणूस आपल्याच तोंडाने बोलत होता. भावाचं नाव राहावं म्हणून भावाची बायको घरात ठेवून घेणारा. त्याला शरम वाटली, आणि काकांचा भयंकर राग आला, कारण त्यांना हे सगळं केव्हापासून दिसत होतं.

"तालीम अर्धीच राहिली," रहमीमकाका म्हणाले. "थुंकायचं आहे अजून."

मिल्काने दिराकडे पाहिलं.

"थुंका, वहिनी," आशेर म्हणाला. मग पुन्हा म्हणाला, "थुंका. मी सांगतोय ना."

तिने प्रयत्न केला. मग मान हलवली. "नाही येत. तोंड कोरडं पडलंय माझं. माडाखाली उभी राहून सराव केला होता, तेव्हा यायचं…" आणि ती हसली की रडली, ते कळलं नाही. दोन्ही असावं.

आशेर भिंतीपासून सुटला. आत गेला, माठातून तांब्या भरला, पेला शोधला, नाही मिळाला, तसाच तांब्या घेऊन आला. पोटरीवर वाद्यांचे वळ लाल उमटले होते. मिल्काने तांब्या वर धरून पाणी घटाघट पिऊन टाकलं.

"अजून आणू?"

"नको."

ती पायरीपर्यंत गेली. बूट उचलून काकांच्या हातात दिला. मग वाकून योनाच्या चपला उचलल्या, एकीवर एक ठेवल्या, पिशवीतून वर्तमानपत्र काढून त्यात गुंडाळल्या.

"ह्या मी नेते," ती म्हणाली. विचारल्यासारखं म्हणाली, पण हात थांबले नव्हते.

आशेर त्या पुडक्याकडे बघत होता.

"न्या," तो म्हणाला.

ती गेली. सिनेगॉगच्या कोपऱ्यावरून वळेपर्यंत तो बघत राहिला. मग मट्‌कन पायरीवर बसला, जिथे चपला होत्या तिथेच.

काकांनी बूट पुन्हा मांडीवर घेतला होता. बोटभर तेल. चोळायचं. वाकवून बघायचं.

"काका…"

"हं."

"मी जे लिहिलं ते खोटं नाही."

"कोण म्हणतं खोटं आहे?"

"मग एक सरळ उत्तर द्या. एकदाच. हा कायदा चूक की बरोबर?"

रहमीमकाकांनी बूट उजेडाकडे धरून आत बघितलं. मग एक सुस्कारा सोडला. उभी हयात पोरांना शिकवून दमलेला माणूस सोडतो, तसा.

"बुधवारी पंच येतायत मुंबईहून. सकाळी ये, पाय स्वच्छ धुऊन," ते म्हणाले. "आणि येताना स्वतःच्या चपला घाल."